मोटारीचे मागचे शॉक ॲब्सॉर्बर : कार्य, झीज आणि बदल

मोटार कितीही जड असली, तरी ती रस्त्याला टेकते ती केवळ चार ठिकाणी. प्रत्येक टायरचा रस्त्याला टेकलेला भाग सुमारे माणसाच्या पंजाएवढा असतो. वाहनाने वेग घेणे, वळणे आणि थांबणे या तिन्ही क्रिया या चार पंजांच्याच द्वारे घडतात. इंजिन कितीही शक्तिमान असो, ब्रेक कितीही उत्तम असोत, टायर क्षणभर अधांतरी राहिला तर त्या क्षणापुरते ते सारे निरुपयोगी ठरतात. रस्ता सपाट नसताही चाक त्यावर टेकलेले राहावे, यासाठी मोटारीत जी योजना केलेली असते, तिचा एक महत्त्वाचा घटक म्हणजे शॉक ॲब्सॉर्बर. गॅरेजातील बोलीत त्यास ‘शॉकअप’ असेही म्हणतात. हा घटक कसा काम करतो, तो झिजल्याचे कसे ओळखावे आणि मागच्या चाकांचे झिजलेले शॉक ॲब्सॉर्बर कसे बदलावेत, याचे विवेचन या पाठात केले आहे.

१. नावामुळे होणारा गैरसमज

शॉक ॲब्सॉर्बर या नावाचा शब्दशः अर्थ ‘धक्का शोषून घेणारा’ असा होतो. परंतु हे नाव काहीसे फसवे आहे. चाक खड्ड्यात आदळले असता पहिला धक्का सोसतो तो टायर, आणि त्यानंतर स्प्रिंग. मोटारीचे वजनही स्प्रिंगच पेलते. शॉक ॲब्सॉर्बरचे काम यानंतर सुरू होते. दाबली गेलेली स्प्रिंग मोकळी होताना वाहनास वर ढकलते, मग वाहन पुन्हा खाली येते, पुन्हा वर जाते. हे हेलकावे लवकरात लवकर शमविणे, हेच त्याचे खरे कार्य होय. शास्त्रीय परिभाषेत या शमनास अवमंदन असे म्हणतात.

या फसव्या नावामुळे शॉक ॲब्सॉर्बर म्हणजे प्रवाशांच्या सुखासाठी असलेली सोय, अशी समजूत रूढ झाली आहे. ते झिजले तर गाडी थोडी अधिक हलेल, एवढेच लोकांना वाटते. प्रत्यक्षात शॉक ॲब्सॉर्बर हा ब्रेक आणि सुकाणू यांच्या बरोबरीने सुरक्षिततेचा घटक आहे.

हाच गैरसमज दुसऱ्या प्रकारेही त्रासदायक ठरतो. गाडी उभी असताना तिचा मागचा भाग खाली बसलेला दिसला, की अनेक जण शॉक ॲब्सॉर्बर बदलण्यास धावतात. परंतु वजन पेलण्याचे काम स्प्रिंगचे असल्यामुळे तो दोष बहुधा थकलेल्या स्प्रिंगचा असतो, आणि शॉक ॲब्सॉर्बर बदलण्याचा खर्च व्यर्थ जातो.

२. हेलकावे आणि त्यांचे शमन

एक सोपा प्रयोग शाळेत सहज करता येतो. एका लवचीक स्प्रिंगला किंवा रबरी पट्ट्यांच्या माळेला वजन टांगावे, ते थोडे खाली ओढून सोडावे व हेलकावे मोजावेत. नंतर त्याच वजनाखाली पत्र्याची एक चकती आडवी बांधावी आणि ती पाण्याने भरलेल्या बादलीत बुडलेली राहील अशी मांडणी करून प्रयोग पुन्हा करावा. हवेत दीर्घकाळ चालणारे हेलकावे पाण्यात थोड्याच वेळात थांबतात. चकतीला पाणी बाजूला सारावे लागते. त्यात गतीची ऊर्जा खर्च होते व अखेरीस तिचे उष्णतेत रूपांतर होते. शॉक ॲब्सॉर्बरमध्ये पाण्याऐवजी तेल असते, तत्त्व तेच.

अवमंदन अगदीच कमी असेल, तर हेलकावे लांबतात; ते फारच अधिक असेल, तर स्प्रिंग जणू गोठून जाते आणि रस्त्याचा प्रत्येक धक्का थेट प्रवाशांना बसतो. ज्या किमान अवमंदनाने वस्तू हेलकावे न घेता मूळ जागी परतते, त्यास क्रांतिक अवमंदन म्हणतात. मोटारीत सुखावहता आणि नियंत्रण यांचा मेळ घालण्यासाठी सामान्यतः याच्या दोन-दशांश ते चार-दशांश एवढे अवमंदन ठेवतात.

झीज झाल्याने काय फरक पडतो, हे एका हिशेबाने स्पष्ट होईल. समजा, मोटारीची काया सेकंदाला १.३ हेलकावे घेते आणि मोटार ताशी ६० किलोमीटर वेगाने, म्हणजे सेकंदाला सुमारे १६.७ मीटर, जात आहे. अवमंदन क्रांतिक मूल्याच्या तीन-दशांश असेल, तर एका पूर्ण हेलकाव्यानंतर त्याचा विस्तार मूळच्या सुमारे एक-सप्तमांश उरतो. एवढ्या अवधीत मोटार सुमारे १३ मीटर पुढे गेलेली असते. आता झिजेमुळे अवमंदन एक-दशांशावर आले असे धरू. मग प्रत्येक हेलकाव्यानंतर विस्तार केवळ निम्म्याच्या आसपास घटतो, आणि एक-सप्तमांशावर येण्यास तीन हेलकावे लागतात. तेवढ्यात मोटारीने सुमारे ३८ मीटर अंतर कापलेले असते. या अंतरात वळण आले किंवा एखादे मूल रस्त्यावर धावत आले, तर चालकाच्या हाती असलेली मोटार पूर्णपणे त्याच्या स्वाधीन नसते.

मोटारीच्या कायेचे हेलकावे डोळ्यांना दिसतात. चाकाचे दिसत नाहीत. टायर आणि स्प्रिंग यांच्यामध्ये सापडलेले चाक व आस ही जोडी सेकंदाला सुमारे १० ते १५ वेळा वरखाली थरथरू शकते. शॉक ॲब्सॉर्बर क्षीण झाले असता ही थरथर वाढते. खडबडीत रस्त्यावर टायर कधी जोराने दाबला जातो, तर कधी जवळजवळ अधांतरी होतो. टायरची पकड त्यावरील दाबावर अवलंबून असल्यामुळे अशा वेळी ब्रेक दाबले असता थांबण्याचे अंतर वाढते. चाके जखडू न देणारी विद्युत ब्रेकयंत्रणा बसविलेली असली, तरी तीही या दोषाची भरपाई करू शकत नाही. कारण जो टायर रस्त्याला टेकलेलाच नाही, त्याला कोणतीही यंत्रणा पकड देऊ शकत नाही.

३. नळकांड्याच्या आत काय असते?

विसाव्या शतकाच्या आरंभी फ्रान्समधील त्रुफो व अमेरिकेतील हार्टफर्ड यांच्या नावांशी निगडित असलेले शॉक ॲब्सॉर्बर कोरड्या घर्षणावर चालत. एकमेकींवर दाबलेल्या चकत्यांच्या घर्षणाने त्यांत ऊर्जा खर्च होई. पुढे तेलाचा उपयोग सुरू झाला आणि आज सर्वत्र दिसणारा, एकात एक सरकणाऱ्या नळ्यांचा प्रकार रूढ झाला.

या प्रकारात तेलाने भरलेल्या नळकांड्यात एक दट्ट्या सरकतो. दट्ट्याचा दांडा मोटारीच्या सांगाड्यास आणि नळकांड्याचे दुसरे टोक आसेस जोडलेले असते. दट्ट्यात बारीक छिद्रे व त्यांवर पातळ पोलादी चकत्यांच्या झडपा असतात. चाक वरखाली झाले की तेलास या छिद्रांतून वाट काढावी लागते, आणि त्यातूनच विरोध उत्पन्न होतो. झडपांची रचना अशी असते, की चाक वर जाताना विरोध कमी आणि ते खाली येताना अधिक व्हावा. खड्ड्याच्या धक्क्यास स्प्रिंगने मोकळेपणाने सामोरे जावे, पण तिचे उसळून परत येणे मात्र आवरले जावे, हा त्यामागील हेतू होय.

यात दोन मुख्य भेद आहेत. दुहेरी नळीच्या प्रकारात आतील नळी कामाची व बाहेरील नळी तेलाच्या साठ्याची असते. बाहेरील नळीच्या वरच्या भागात हवा किंवा अल्प दाबाचा नायट्रोजन असतो. एकेरी नळीच्या प्रकारात तेल आणि वायू यांच्यामध्ये एक तरंगता दट्ट्या असतो व नायट्रोजनचा दाब वातावरणाच्या २० ते ३० पट असू शकतो. विसाव्या शतकाच्या मध्यास हा दुसरा प्रकार व्यवहारात आणण्याचे श्रेय फ्रेंच तंत्रज्ञ बुर्सिए द कार्बाँ यांना दिले जाते. वायूच्या दाबामुळे तेलात फेस होत नाही. फेसाळलेले तेल सहज दबते, म्हणून ते पुरेसा विरोध करू शकत नाही.

४. मागची बाजू विशेष महत्त्वाची का?

कुटुंबासाठी घेतलेली एसयूव्ही उंच असते आणि तिचा गुरुत्वमध्यही उंचावर असतो. शिवाय तिच्या मागच्या आसेवरील भार सतत बदलतो. सकाळी एकटा चालक असतो. सुटीच्या दिवशी सात माणसे व त्यांचे सामान असते. हा वाढीव भार मुख्यतः मागच्या चाकांवर पडतो. भरलेली गाडी वळणावर असताना मागची चाके रस्त्यावरून उसळली, तर गाडीचा मागचा भाग बाहेर सरकू लागतो आणि उंच वाहनाच्या बाबतीत ही स्थिती धोक्याची ठरते.

यात आणखी एक अडचण आहे. चालक मागच्या आसेपासून दूर बसलेला असतो. शिवाय झीज एका दिवसात न होता हजारो किलोमीटरांच्या प्रवासात हळूहळू होते, आणि चालकाचे हात नकळत तिला सरावतात. त्यामुळे मागचे शॉक ॲब्सॉर्बर निकामी झाल्याचे प्रथम जाणवते ते मागील आसनांवर बसलेल्या मुलांना व वृद्धांना. त्यांच्या तक्रारीकडे नाजूकपणा म्हणून दुर्लक्ष करू नये. ती यंत्राच्या स्थितीविषयीची विश्वसनीय माहिती असते.

५. झिजेच्या खुणा

झीज म्हणजे केवळ धातू घासणे नव्हे. दांड्याभोवतीची रबरी सील चिखल व धूळ यांनी कापली जाते आणि तेल झिरपते. तेलाची श्यानता कालांतराने घटते. झडपांच्या चकत्या थकतात. जोडणीतील रबरी बुश फाटतात. साधारणतः ८०,००० किलोमीटरच्या सुमारास शॉक ॲब्सॉर्बरची कसून तपासणी करावी असे मानतात. खडबडीत रस्त्यांवर व जड भारासह चालणाऱ्या गाडीची त्याआधीच करावी. पुढील खुणा पाहाव्यात.

पहिली : नळकांड्यावर तेलाचा ओघळ. दांड्याजवळ तेलाचा किंचित ओलावा असणे दोषास्पद नाही. परंतु नळकांडे खालपर्यंत ओले होऊन त्यावर धूळ थापली गेली असेल, तर ते निश्चितपणे गळके समजावे.

दुसरी : टायरच्या पृष्ठभागावर ठरावीक अंतराने पडलेले खोलगट चट्टे. थरथरणारे चाक रस्त्यावर आपटत चालल्याची ती साक्ष असते. मात्र चाकाचा समतोल बिघडल्यानेही असे चट्टे पडू शकतात, म्हणून तोही तपासावा.

तिसरी : गतिरोधक ओलांडल्यावर मागचा भाग एकापेक्षा अधिक वेळा डोलणे, किंवा खडबडीत वळणावर तो बाजूला उडी मारल्यासारखा सरकणे.

चौथी : मागून येणारा ठकठक आवाज. हा बहुधा फाटलेल्या बुशचा किंवा सैल झालेल्या नटाचा असतो.

गाडीचा कोपरा हाताने दाबून सोडण्याची परीक्षा सर्वश्रुत आहे. दाबून सोडलेली गाडी वर येऊन लगेच स्थिर झाली पाहिजे; ती डोलत राहिली, तर दोष निश्चित. परंतु ती स्थिर झाली म्हणून शॉक ॲब्सॉर्बर निर्दोष आहेत असे मात्र ठरत नाही. हाताने दाबताना दट्ट्याची गती मंद असते; भरधाव चाकाची थरथर तीत प्रकट होत नाही.

६. बदलण्यापूर्वी

प्रथम आपल्या गाडीची रचना जाणून घ्यावी. महिंद्रा कंपनीची बोलेरो ही २००० साली बाजारात आलेली गाडी भारतातील ग्रामीण व निमशहरी कुटुंबांच्या परिचयाची आहे. तिच्या मागे अखंड आस व पोलादी कमानपाटे असून शॉक ॲब्सॉर्बर त्यांपासून वेगळे जोडलेले आहेत. त्याच कंपनीच्या २००२ साली आलेल्या स्कॉर्पिओत मागे वेटोळ्या स्प्रिंगांची योजना होती. ज्या गाड्यांत स्प्रिंग आणि शॉक ॲब्सॉर्बर स्वतंत्र असतात, त्यांत हे काम जाणकार व्यक्तीला साध्या हत्यारांनी करता येते. परंतु ज्या गाडीत दाबलेली स्प्रिंग शॉक ॲब्सॉर्बरभोवतीच बसविलेली असते, तेथे स्प्रिंग दाबून धरणाऱ्या विशेष साधनाची गरज असते. दाबलेली स्प्रिंग निसटली तर ती प्राणघातक ठरू शकते. असे काम अनुभवी मिस्त्रीकडूनच करवून घ्यावे.

शॉक ॲब्सॉर्बर नेहमी जोडीने बदलावेत. एका बाजूस नवा व दुसऱ्या बाजूस जुना असला, तर दोन्ही चाकांचे अवमंदन विषम होते आणि जोराने ब्रेक दाबताना किंवा वळताना गाडी एका अंगाला ओढली जाऊ शकते. नवे नग जुन्यांशी ताडून पाहावेत: मिटलेली लांबी, ताणलेली लांबी व दोन्ही टोकांची जोडणी जुळली पाहिजे. लांबी कमी असलेला नग चाक खाली लोंबताच ताणून तुटेल. अधिक लांबीचा नग खड्ड्यात तळाशी आदळेल.

गंजलेल्या नटांवर आदल्या दिवशीच गंज सैल करणारे तेल सोडून ठेवावे. दुहेरी नळीचा नवा नग बसविण्यापूर्वी उभा धरून पूर्ण ताणावा व दाबावा. असे काही वेळा केल्याने साठवणीच्या काळात आतील नळीत शिरलेली हवा निघून जाते. एकेरी नळीच्या नगास याची आवश्यकता नसते.

७. जुने काढणे, नवे बसविणे

गाडी सपाट व कठीण जमिनीवर उभी करावी, हातब्रेक ओढावा आणि पुढच्या दोन्ही चाकांना दोन्ही बाजूंनी ठोकळे लावावेत. चाक काढावयाचे असेल, तर ते जमिनीवर टेकलेले असतानाच त्याचे नट किंचित सैल करावेत. नंतर जॅकने मागचा भाग उचलून तो सांगाड्याच्या नेमून दिलेल्या जागी भक्कम लोखंडी घोड्यांवर टेकवावा. केवळ जॅकच्या आधारावर असलेल्या गाडीखाली कोणीही कधीही शिरू नये. जॅक हे उचलण्याचे साधन आहे, पेलून धरण्याचे नव्हे.

यानंतर दुसरा जॅक आसेखाली लावून तिला हलका आधार द्यावा. ही पायरी अनावश्यक वाटते, पण ती अत्यंत महत्त्वाची आहे. अनेक गाड्यांत आस किती खाली लोंबावी याची मर्यादा शॉक ॲब्सॉर्बरच ठरवितो. तो निघताच निराधार आस एकदम खाली घसरते. तिच्याबरोबर ब्रेकच्या तेलाची नळी व विजेच्या तारा ताणल्या जातात, आणि वेटोळी स्प्रिंग आपल्या जागेवरून निसटू शकते. याच कारणास्तव एका बाजूचे काम पूर्ण केल्यावाचून दुसऱ्या बाजूस हात लावू नये.

आता वरचा व खालचा नट सोडवावा. दांड्याच्या टोकाशी नट असेल, तर दांडाही त्यासोबत फिरू लागतो. अशा वेळी टोकावरील चपट्या भागास पाना लावून तो धरावा. दांड्याच्या चकचकीत पृष्ठभागास पक्कड कधीही लावू नये; त्यावर पडलेला बारीकसा ओरखडाही थोड्याच दिवसांत सील कापून टाकतो. जुना नग काढल्यावर तो हाताने ताणून व दाबून पाहावा. विरोध न करता सरकणारा किंवा मध्येच मोकळा पडणारा दट्ट्या झिजेचे स्वरूप प्रत्यक्ष दाखवितो. नवा नग प्रथम वरच्या टोकास अडकवावा. मग आसेखालील जॅक सावकाश वरखाली करून खालचे छिद्र जुळवावे व बोल्ट घालावा. स्वतःहून घट्ट राहणारे नट नवेच वापरावेत.

जुन्या नगांना छिद्र पाडू नये, ते कापू नयेत किंवा तापवू नयेत. आत दाबाखालील वायू असू शकतो. त्यातील तेल माती-पाण्यात जाऊ न देता तो भंगार अधिकृत संकलकाकडे द्यावा.

८. अखेरची आवळणी

या कामातील सर्वात सूक्ष्म मुद्दा अखेरीस येतो. शॉक ॲब्सॉर्बरच्या कडीत बसविलेला रबरी बुश हा सरकत नाही. तो पिळवटून चाकाच्या हालचालीस वाव देतो. गाडी उचललेली व आस लोंबत असताना बोल्ट पूर्ण आवळला, तर बुश त्या स्थितीत जखडला जातो. मग गाडी चाकांवर उभी राहताच तो कायमचा पिळलेला राहतो आणि लवकर फाटतो. म्हणून अशा कडीचे बोल्ट आरंभी केवळ हलके आवळावेत आणि गाडीचे वजन चाकांवर आल्यानंतरच ते अखेरचे घट्ट करावेत. उत्पादकाच्या पुस्तिकेत किती न्यूटन-मीटर बलाने आवळावे ते दिलेले असते. त्यासाठी आवळण्याचे बल दाखविणारा पाना वापरावा.

काम संपल्यावर चाकांचे नट पुन्हा तपासावेत, गाडी प्रथम मंद वेगाने चालवून आवाज येतो का ते ऐकावे, आणि काही दिवसांनी सर्व जोडण्या पुन्हा एकदा पाहाव्यात.

सारांश

स्प्रिंग वजन पेलते. शॉक ॲब्सॉर्बर हेलकावे शमवितो आणि टायर रस्त्यावर टेकवून ठेवतो. त्याची झीज मंद गतीने होत असल्यामुळे ती जाणवण्याची वाट पाहणे सुरक्षित नाही; ती शोधावी लागते. बदल नेहमी जोडीने करावा, गाडीस व आसेस स्वतंत्र आधार द्यावा, आणि बुशची अखेरची आवळणी चाकांवर भार असतानाच करावी.

अभ्यासासाठी प्रश्न

१. गाडीचा मागचा भाग उभ्या स्थितीतच खाली बसलेला असेल, तर दोष कोणत्या घटकात शोधावा? का?
२. पाठातील हिशेब ताशी ९० किलोमीटर वेगासाठी पुन्हा करा. दोन्ही अंतरांतील फरक किती झाला?
३. बादलीतील प्रयोगात पाण्याऐवजी खाद्यतेल घेतले, तर हेलकाव्यांच्या संख्येत कोणता फरक पडेल? प्रयोग करून पडताळा पाहा.
४. हाताने गाडी दाबण्याची परीक्षा अपुरी का ठरते?